सहा पावलं उजवीकडे

दिशांच्या बाबतीत माझा हात धरणारा माणूस अजून जन्माला यायचाय. मी हे उगाच म्हणत नाही, नकाशे काढणं हा माझा धंदाच आहे. बावीस वर्षं लोकांच्या घरांचे आराखडे काढतोय. त्यामुळे सासऱ्यांच्या डोळ्यांचं ऑपरेशन झालं, डॉक्टरांनी चार दिवस दोन्ही डोळ्यांवर पट्टी ठेवायला सांगितली आणि ते आमच्याकडे राहायला आले, तेव्हा मी छाती पुढे काढून बायकोला म्हणालो, "तू खुशाल ऑफिसला जा. बाबांना मी घर असं समजावून देतो की त्यांना डोळ्यांची आठवणसुद्धा येणार नाही."

सासरे म्हणजे निवृत्त पोस्टमन. चाळीस वर्षांत एक पत्र चुकीच्या दारात टाकलं नाही, हा त्यांचा एकुलता एक अभिमान. बाकी माणूस अत्यंत गरीब. कोणाला कसला त्रास द्यायचा म्हटलं की त्यांच्या अंगावर काटा येतो, आणि बाथरूमला कोणीतरी हात धरून नेणार या कल्पनेनं तर ते घरात पाऊल टाकल्यापासून पाणीच पीत नव्हते.

मी त्यांना पलंगावर बसवलं, समोर उभा राहिलो आणि हातवारे करत (ते दिसणार नव्हते, पण सवय!) सगळा रस्ता सांगितला. खोलीच्या दाराबाहेर पडलं की उजवीकडे वळायचं. सहा पावलं सरळ. समोर बाथरूमचं दार. आत शिरलं की उजव्या हाताला नळ, डाव्या हाताला खुंटी, खुंटीवर टॉवेल. एकदा चालून बघू या, असं मी सुचवलं, पण त्यांनी मान हलवली. पत्ता दोनदा विचारायची आपल्याला सवय नाही, असं म्हणाले.

दुपारी त्यांचा डोळा लागला. मी खोलीचं दार ओढून घेतलं आणि खाली पाण्याची मोटर बंद करायला गेलो. दोन मिनिटांचं काम, म्हणून बाहेरचं दार तसंच उघडं ठेवलं. खाली वॉचमन भेटला, दोन मिनिटांची पंधरा झाली.

वर आलो तर समोरच्या बाई जिन्यात उभ्या. या एका शाळेच्या निवृत्त मुख्याध्यापिका. यांच्या नुसत्या खाकरण्यानं आजही मजल्यावरची पोरं रांगेत उभी राहतात. त्या बाई चक्क कुजबुजत होत्या. फरशी पुसून वाळावी म्हणून त्यांनी दार उघडं ठेवलं होतं. गच्चीवरून कपडे काढून येतात तो बाथरूमचं दार आतून बंद आणि आत खुडबुड. एकट्या राहतात त्या, दुसरं कोण असणार? त्यांनी हळूच बाहेरून कडी घातली होती.

"चोर आहे," त्या म्हणाल्या. "मी कोंडलाय. आता पुढचं तुम्ही बघा."

घरात डोकावलो, खोलीचं दार बंद होतं. बरं झालं, म्हटलं, म्हाताऱ्या माणसाला उगाच धसका नको. बाईंच्या केरसुणीचा दांडा उचलला. बाई मागे उभ्या होत्या, म्हणजे पळायचा रस्ता बंद! बाथरूमच्या दाराशी जाऊन मी, माझा नाहीच असा एक घोगरा आवाज काढला. "आत कोण आहे? गुपचूप हात वर करून बाहेर ये. आम्ही दहाजण आहोत!"

आत नळ बंद झाला. मग अतिशय नम्र आवाज आला, "जावईबापू, घसा बसला का तुमचा?"

माझ्या हातातला दांडा पडला.

"सगळं तुम्ही सांगितलंत तसंच सापडलं," सासरे आतून सांगत होते. "नळ उजवीकडे, खुंटी डावीकडे. पावलं थोडी जास्त लागली, पण तुमचे पाय लांब, म्हटलं तेवढा फरक पडायचाच. मध्ये दोन उंबरे लागले, ते सांगायचे राहिले असतील. फक्त आता हे दार उघडत नाहीये."

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. मी त्यांच्या समोर उभा राहून सगळं सांगितलं होतं. माझी उजवी म्हणजे त्यांची डावी. ते बिचारे खोलीचं दार मागे ओढून घेऊन सांगितल्याप्रमाणे उजवीकडे वळले, ते आमच्या बाहेरच्या दारातून थेट समोरच्या घरात! आणि समोरचं घर म्हणजे आमच्याच घराचं आरशातलं रूप. नळाचीही मी उलटीच बाजू सांगितली होती, ती इथे अगदी सुलटी निघाली. माझा एकही शब्द चुकला नव्हता, फक्त घर बाईंचं होतं.

बाईंनी कडी काढली. बाबा हात पुसत बाहेर आले, आणि फिनेलचा अनोळखी वास येताच थबकले.

"हे कोणाचं घर आहे?" त्यांनी विचारलं.

त्यांचा चेहरा इतका उतरला की मला माझीच लाज वाटली. शेवटी बाईच बोलल्या. दार उघडं होतं, पाहुणे आले, त्यात काय एवढं, असं म्हणून त्यांनी बाबांना खुर्चीवर बसवलं आणि चहा टाकला. परत येताना त्यांनी माझा दंड घट्ट धरला. "पोरीला सांगू नका. चाळीस वर्षांत दार चुकलो नव्हतो हो."

"चूक माझी आहे, बाबा."

"असू दे. पण सांगू नका."

मी शब्द दिला. मग त्यांच्या शेजारी, त्यांच्याच दिशेला तोंड करून पलंगावर बसलो आणि सगळं घर पहिल्यापासून सांगितलं. उंबऱ्यांसकट. पुढचे तीन दिवस ते एकटे गेले, एकटे आले.

पट्टी निघाली त्या रात्री जेवताना बायकोनं विचारलं, काही अडचण तर नाही ना आली? "छे," बाबा म्हणाले. "जावईबापूंनी इतकं छान समजावलं होतं." मी वरण ओरपत होतो.

नंतर स्वयंपाकघरात ती म्हणाली, "बाईंनी मला त्याच दिवशी फोन केला होता. पण बाबांना कळू देऊ नकोस हं. वाईट वाटेल त्यांना."

मी पुन्हा शब्द दिला.

सकाळी बाबांनी मला गॅलरीत बोलावलं. नव्या डोळ्यांनी समोरचं झाड बघत होते. म्हणाले, "पोरीला माहीत आहे. पट्टी निघाल्यावर पहिला तिचाच चेहरा दिसला ना, तेव्हाच कळलं. पण मला कळलंय हे तिला सांगू नका. वाईट वाटेल तिला."

तिसरा शब्द दिला. बापलेक एकमेकांना जपत होते, कोणीच कोणाला फसवलेलं नव्हतं. चार दिवस पट्टी बांधल्यासारखा या घरात फक्त मी वावरत होतो.