न्हाणीच्या दाराची मूठ

"अहो, मूठ हातात आली!"

न्हाणीघरातून कमलबाई ओरडल्या तेव्हा हिंमतराव अंगणात दाढी करत होते. न्हाणीचं अ‍ॅल्युमिनियमचं दार चौकटीत इतकं घट्ट बसायचं, की आतून मूठ धरून ओढल्याशिवाय उघडत नसे. मुठीच्या स्क्रूंची भोकं झिजून मोठी झाली होती आणि एवढ्याशा कामाला फिटर यायला तयार नव्हता. म्हणून हिंमतरावांनी ती दोन नळ्या कालवून लावायच्या गोंदानं चिकटवली होती. चार दिवसांत ती दुसऱ्यांदा निघाली.

त्यांनी बाहेरून खांदा दिला. दार उघडलं आणि ते थेट भरल्या बादलीवर जाऊन आदळले.

"त्या बंडप्पाला आज सोडत न्हाय!"

"आधी दाढी तर पुरी करा," कमलबाई म्हणाल्या.

अर्धी दाढी तशीच ठेवून हिंमतराव कळंबच्या बाजारात बंडप्पाच्या हार्डवेअरच्या दुकानात पोचले आणि मूठ काउंटरवर आपटली.

"गोंद म्हणून पाणी विकतोस व्हय रे? फसव्या!"

दुकानात चार गिऱ्हाइकं होती. ती चारही वळून बघू लागली.

"चिकटवायच्या आधी घासलं होतं का?" बंडप्पानं शांतपणे विचारलं.

"मी काय भांडी घासणारा वाटलो तुला?"

"अ‍ॅल्युमिनियमवर हवेनं पापुद्रा धरतो. डोळ्यांना दिसत न्हाय. त्यात न्हाणीतलं तेल, साबण. तुमचा गोंद त्या घाणीला चिकटला, धातूला न्हाय. पॉलिश पेपरनं दोन्ही बाजू घासा, थिनरनं पुसा. मग बोट लावायचं न्हाय अन् वेळ घालवायचा न्हाय, लगेच चिकटवायचं. चोवीस तास हलवू नका."

"नवीन सबबी सांगतोय!"

आता बंडप्पाचाही आवाज चढला. "एवढं करून निघाली, तर दुकानातला सगळा गोंद तुमच्या हातानं गटारीत फेका. न्हाय निघाली, तर फसव्या म्हणालात ते इथं येऊन मागं घ्या."

घरी येऊन हिंमतरावांनी सगळा राग पॉलिश पेपरवर काढला. चकचकीत धातू मळकट राखाडी झाला. मग थिनर. फडकं काळं निघायचं थांबेपर्यंत ते पुसत राहिले.

"किती स्वच्छ झालंय," म्हणत कमलबाईंनी अंगठा फिरवला.

"बोट लावलं! बोट लावलं तिनं!" हिंमतराव इतक्या जोरात किंचाळले, की शेजारच्या कोंडाबाई भिंतीवरून डोकावल्या. त्यांनी सगळं पुन्हा घासलं, पुन्हा पुसलं, दोन्ही नळ्यांतला गोंद सारखा घेऊन कालवला, मूठ दाबून बसवली आणि वरून चिकटपट्टी ओढली. दिवसभर त्या दाराला कुणी हात लावायचा नाही, असा हुकूम सुटला. न्हाणीपुढं चादर लटकली. कमलबाई चादरीआडून जे बोलल्या, ते कोंडाबाईंनाही ऐकू गेलं.

दुसऱ्या दिवशी वेळ भरताच हिंमतराव आत गेले आणि त्यांनी दार घट्ट लावून घेतलं. मूठ निघावी असं त्यांना मनापासून वाटत होतं. चारचौघांत माफी मागण्यापेक्षा चादरीआड अंघोळ परवडली असती.

त्यांनी मूठ ओढली. ना मूठ हलली, ना दार. दोन्ही हातांनी ओढली. शेवटी चौकटीला पाय लावून, दात-ओठ खात त्यांनी असा हिसका दिला, की बिजागऱ्या चौकटीतून उपटून आल्या आणि अख्खं दार त्यांच्या छातीवर पडलं.

कमलबाई धावत आल्या. "लागलं का? अन् मूठ?"

"न्हाय निघाली," दाराखालून आवाज आला.

स्कूटरवर मागं बसून कमलबाईंनी दार त्याच मुठीनं धरलं आणि दोघं दुकानासमोर उतरली. बाजार बघतच राहिला.

"गोंद चांगला हाय!" हिंमतराव शिवी दिल्यासारखे गरजले. "ऐकलं का सगळ्यांनी? बंडप्पा फसवा न्हाय! आता बिजागऱ्या दे!"

बंडप्पा बिजागऱ्या काढायला वळला. काउंटरपाशी उभ्या असलेल्या बलभीम नावाच्या गिऱ्हाइकानं कमलबाईंच्या हातात मुठीवर लटकणारं ते दार न्याहाळलं. "मला बी द्या बरं यो गोंद. डब्याचं झाकण चिकटवायचंय, अ‍ॅल्युमिनियमचंच हाय."

"संगं पॉलिश पेपर देऊ?" बंडप्पानं विचारलं.

"कशाला? नुसता गोंद बास."

"नुसता गोंद?" हिंमतरावांनी त्याची बाही धरली. त्यांचा चेहरा लालबुंद झाला होता. "अन् पापुद्रा कोण काढणार? थिनर कोण लावणार? परवा हितं येऊन बोंबलशील, गोंद खराब हाय म्हणून!"

बलभीम घाबरून बंडप्पाकडं बघू लागला.

"ऐक त्यांचं," बिजागऱ्या कागदात बांधत बंडप्पा म्हणाला. "मला एवढं ओरडून सांगता येत न्हाय."