चार माणसांचा बीम

संघरत्नाच्या कादंबरीतलं अंतराळयान भिवंडीत, कामवारी नदीच्या काठावर उतरतं, आणि पुण्याच्या संपादकांचा सगळा राग त्या काठावरच होता. "मॅडम, परग्रहावरचे लोक भिवंडीत कशाला मरायला येतील? कॅलिफोर्निया करा," नरेंद्रसाहेब फोनवर म्हणाले होते. संघरत्ना पडघ्याच्या गोदामात ट्रकवाल्यांना गेटपास देते. रोज त्यांच्याशी हुज्जत घालून तिच्या जिभेला चांगली धार आलेली. "यान माझं हाय साहेब. मी सांगीन तिथं उतरेल!" आधी तीन प्रकाशकांनी नकार दिलेला, हा चौथा. तरी भिवंडी हलली नाही, आणि साहेबांनी नाक मुरडत का होईना, शेवटची प्रत मागवली.

आता शुद्धलेखन कोण तपासणार? घरात तिचे बाबा, रामदास. सदतीस वर्षं भिवंडीतल्या निजामपुऱ्यात लूमचे जॉबर, म्हणजे बिघडलेला माग ठोकून ठोकून वळणावर आणणारे. लग्नपत्रिकेतल्या चुकासुद्धा लाल पेनाने दुरुस्त करून ती आणणाऱ्याच्याच हातात परत देणारा माणूस! प्रत त्यांच्याकडे देऊन ती निर्धास्त ड्युटीला गेली. बाबांनी ती तपासली आणि स्वतःच टायपिंगवाल्या ओमकारकडे नेली. ओमकारने लाल पेनाचं अक्षर न् अक्षर इमानेइतबारे टाइप केलं आणि पुण्याला मेल ठोकला.

घरी येऊन संघरत्नाने ओमकारकडून आलेली पानं उघडली. तुळजा ही कादंबरीची नायिका. 'तुळजाने शत्रूच्या यानावर बीम सोडला,' हे संघरत्नाचं वाक्य. आता तिथे होतं, 'तुळजाने चार माणसं बोलावून, नीट धरून, शत्रूच्या यानावर बीम सोडला.'

"बाबा! ही चार माणसं कुठनं आली?"

"मग काय एकटी पोरगी उचलील? सूत गुंडाळलेला मागाचा लोखंडी रूळ, भरला बीम हाय तो! कंबर मोडंल तिची."

"अहो, लूमचा बीम नाय तो! उजेडाचा झोत. लेसर!"

"मग तसं लिहायचं ना. भिवंडीत बीम म्हणजे बीम."

कादंबरीत एक्केचाळीस ठिकाणी बीम होता आणि एक्केचाळीस वेळा चार माणसं धावत आली होती. शेवटच्या लढाईत तर त्यातल्या चिंधूचं बोट चेमटलं होतं, आणि बाबांनी लढाई थांबवून त्याला टिंचर लावलं होतं. आठ वर्षं खपून लिहिलेलं पुस्तक! संघरत्नाला रडूच कोसळलं. ओमकारचं दुकान तोवर बंद झालेलं.

सकाळी ती दुरुस्तीला निघणार, तेवढ्यात फोन वाजला. "मॅडम, विज्ञानकथेत हमाल?" नरेंद्रसाहेब कडाडले. माफ करा, हे शब्द तिच्या ओठांवर आलेही होते. पण साहेबांना तेवढ्यावर थांबवेना. "भिवंडीच्या माणसाला लेसर कळणार नाही, हे मला आधीच कळायला हवं होतं!"

झालं! माफी तिने गिळून टाकली. "साहेब, बीम चार माणसांशिवाय उचलत नाय. माझ्या बापानं सदतीस वर्षं उचललाय. तुमचा कॅलिफोर्नियावाला एकटा जग वाचवत असंल, आमच्याकडं चार माणसं लागतात. छापायचं तर चौघांसकट, नायतर परत पाठवा!"

गेलं पुस्तक, तिला वाटलं.

"जग वाचवायला चार माणसं..." साहेब पुटपुटले. "हे काही वाईट नाही हो. राहू देत. आजच छपाईला देतो."

तिने फोन ठेवला, तर दारात बाबा. घामाघूम, पण चेहऱ्यावर विजय. "तुझंच बरोबर होतं बाय. ओमकार बोलला, लेसर उजेडाचाच असतो. दुकान उघडायच्या आधीच जाऊन उभा राह्यलो. एकूण एक माणूस काढला, पुण्याला मेलपण गेला. आता रडू नको."

तिने काही बोलायच्या आत फोन पुन्हा वाजला. "मॅडम, नवीन मेल आलाय. माणसं कुठे गेली?"

संघरत्नाने बाबांकडे बघितलं. "नाश्त्याला गेलीत साहेब. तासाभरात ड्युटीवर हजर करते." मग तिने लाल पेन बाबांच्या हातात ठेवला. "चला, बीम उचला."

बाबांनी पुन्हा चपला चढवल्या. "मी कालच बोललेलो," ते म्हणाले, "एकटीला उचलायचा नाय."