टेप संपली!

ही गोष्ट शंभर टक्के खरी आहे. शपथेवर सांगतो. (बरं, नव्वद धरा. सरकारी नोकरीत शपथा फार घ्याव्या लागतात.)

मी वजनमापं तपासणारा इन्स्पेक्टर. माझी चाहूल लागली की दुकानदार तराजू पुसायला घेतात. आमची लेक पाचवीत, वर्गात सगळ्यांत उंच. पोरं तिला 'शिडी' म्हणायची. म्हणून गेले दोन महिने ती खांदे पाडून, गुडघे वाकवून चालत होती; मागून बघितलं तर माझी आजीच वाटावी. त्यातच शाळेनं कार्डावर उंची लिहून आणायला सांगितली.

"बाबा, चार फूट पाच लिही."

"खोटं? आणि मी?"

"मग मी उद्यापासून शाळेत जाणारच नाही."

मी मुद्दाम एक युक्ती केली. बायकोच्या शिवणाच्या टेपचे सुरुवातीचे तीन इंच गुपचूप कापले. आधी भलतीच उंची दाखवायची, मग खरी सांगायची, की पोरीला हायसं वाटणार! (बालमानसशास्त्र, दुसरं काय!)

ती दाराला टेकून उभी राहिली. मी टेप टाचेपासून वर नेली. डोक्याशी आकडा आला साठ. पुढे टेपच नव्हती.

"टेप संपली?" तिनं गळा काढला. "बाबा, मी टेपमध्येसुद्धा मावत नाही!"

बायको धावत आली. रडणारी लेक, घामाघूम नवरा; तिनं आधी टेप हिसकावली.

"अहो, हिचं डोकं कुणी उडवलं?"

"कुणाचं?"

"टेपचं! ही चारपासून सुरू होतेय."

लेक हुंदका अर्धवट टाकून बोटांवर मोजायला लागली. "साठातून तीन गेले... सत्तावन्न. म्हणजे चार फूट नऊ? फक्त?" तिनं नाक पुसलं, आरशासमोर गेली आणि दोन महिन्यांत पहिल्यांदा ताठ उभी राहिली. "आई, मी तर एवढीशीच आहे गं!"

कार्डावर आकडा तिनंच लिहिला. ठळक.

आता यातला बनवलेला भाग सांगून टाकतो: 'मुद्दाम'. बालमानसशास्त्र मला नंतर सुचलं. मी उंची कमी दाखवायलाच निघालो होतो. टेप सुरुवातीकडून कापली की आकडा वाढतो, हे वीस वर्षं मापं तपासणाऱ्या मला पाचवीतल्या पोरीनं आकृती काढून समजावलं. चांगलं ताठ उभं राहून. दोनदा.