कौन्सिलर रेगे यांची दिलगिरी आलेली नाही

१९९६च्या मार्चमधल्या एका रविवारी माझे वडील, कौन्सिलर शशिधर रेगे, जेवणाच्या टेबलावर ठराव क्रमांक ४१च्या प्रतींना टाचण्या लावत होते. आई कणीक मळत होती. मी लंडनजवळच्या स्लाऊहून आले होते आणि चारला परत निघणार होते. घरात याहून वेगळं काही घडत नव्हतं.

"मंगळवारच्या सभेला ये," बाबा म्हणाले. "गॅलरीत नागरिकांसाठी चोवीस खुर्च्या आहेत. तेरा वर्षांत एकीवरचंही प्लास्टिक निघालेलं नाही."

"मंगळवारी ऑफिस आहे, बाबा. पुढच्या वेळी नक्की."

"तेरा वर्षं ती पुढच्याच वेळी येतेय," आई कणकेकडे बघत म्हणाली. "आणि अहो, एका बाकासाठी एवढे कागद? त्याऐवजी सतरंजी टाकली असतीत, तर एव्हाना मी बसलेही असते."

ठराव तिच्यासाठीच होता, पण तसं कागदावर लिहिणं नियमात बसत नव्हतं. आई नर्स होती. हॉस्पिटलसमोरच्या बस-स्टॉपवर बाक नव्हता. ड्यूटी संपलेल्या नर्सेस आणि नुकतेच टाके घातलेले पेशंट तिथे शेजारीशेजारी उभे राहत. १९८३ साली त्या बाकाचं वचन देऊन बाबा निवडून आले. गाव कॉव्हेंट्रीपासून बसने चाळीस मिनिटांवर. नाव देत नाही, कारण तिथले नियम इतर कुठल्याही गावासारखेच आहेत.

कौन्सिलने मागणी गांभीर्याने घेतली. एक अधिकारी तीन दिवस स्टॉपवर नोंदवही घेऊन उभा राहिला. अहवाल आला: "बसलेले नागरिक: शून्य. सबब गरज सिद्ध होत नाही." बाकच नाही तर लोक बसणार कुठे, असं बाबांनी विचारलं. ही उपयुक्त सूचना म्हणून नोंदवण्यात आली आणि १९८८ साली तीन आठवड्यांसाठी प्रायोगिक बाक बसवला गेला. पाहणीच्या निकालावर परिणाम होऊ नये म्हणून त्यावर 'बसण्यास मनाई आहे' अशी पाटी होती. पुन्हा शून्य आलं. बाक गोदामात परत गेला. स्थिती उत्तम, असा शेरा त्यावर मिळाला. मग १९९१ साली बाक उपसमिती स्थापन झाली. तिच्या सदस्यांसाठी चौदा गादीच्या खुर्च्या त्याच आठवड्यात आल्या.

सोमवारी सकाळी चहा गाळताना बाबा गेले.

मंगळवारची सभा नेहमीप्रमाणे भरली. तिथे पहिलं कलम नेहमी एकच असतं: गैरहजेरीबद्दल दिलगिरी, म्हणजे न येणाऱ्या सदस्यांनी आधी पाठवलेले निरोप. इतिवृत्ताची प्रत बाबांच्या नावाने घरी आली. "कौन्सिलर रेगे: गैरहजर. दिलगिरी आलेली नाही. ठराव ४१ पुढे ढकलला."

मी फोन केला. "ते वारले," मी सांगितलं.

"अरेरे!" कमिटी क्लार्क मिसेस हॅडली मनापासून म्हणाल्या. "किती सज्जन माणूस. यायला जमणार नसलं तर नेहमी आधी कळवायचे."

"या वेळी नाही जमलं त्यांना."

"समजू शकते. पण दिलगिरी सदस्याने स्वतःच द्यावी लागते, डियर. लागोपाठ तीन सभा दिलगिरीविना गेल्या, की ठराव बाद."

मी मृत्यूचा दाखला पाठवला. तो एप्रिलच्या सभेपुढे ठेवण्यात आला आणि शिक्का मारून परत आला: "दाखल्यात गैरहजेरीचं कारण नमूद आहे. दिलगिरी आढळत नाही."

मग मिसेस हॅडलींनी आपणहून नियम सत्तावीस शोधून काढला. गॅलरीतला कोणीही नागरिक ठरावाच्या बाजूने तीन मिनिटं बोलला, तर ठराव मताला टाकावाच लागतो. हा नियम आजवर कोणी वापरला नव्हता.

"का?" मी विचारलं.

"गॅलरीत कोणी येतच नाही ना."

मेमधल्या सभेच्या दिवशी मी रजा घेतली. रजा लगेच मिळाली. तेरा वर्षांत ती मी कधी मागितलीच नव्हती.

"तूही चल," मी आईला म्हणाले.

"तिथे जायची बस कुठून मिळते, ठाऊक आहे ना तुला?" ती म्हणाली. "मी नाही उभी राहणार."

गॅलरीत पहिल्या खुर्चीवर एक चिठ्ठी चिकटवलेली होती. बाबांचं अक्षर: 'राखीव. मिस नंदा रेगे.'

"दर सभेआधी नवी लावायचे," मिसेस हॅडली हळूच म्हणाल्या. "ही फेब्रुवारीची. मी काढली नाही."

मी बसले. प्लास्टिक इतकं वाजलं की खाली सगळ्यांनी वर पाहिलं.

ठरावाचं सांगून टाकते. सातव्या कलमात मी बोलले आणि तो एकमताने मंजूर झाला. अंमलबजावणी नव्या पाहणीनंतर होईल. पण त्याआधी पहिलं कलम आलं. अध्यक्षांनी कागदावरून मान वर न करता विचारलं, "गैरहजेरीबद्दल दिलगिरी?"

मी उभी राहिले.

"मॅडम, तुमची तीन मिनिटं सातव्या कलमात आहेत."

"हे पहिल्याच कलमाचं आहे," मी म्हणाले. "तेरा वर्षं मी इथे गैरहजर होते. बोलावणं दर वेळी होतं." मग खाली बाबांच्या चौदाव्या, रिकाम्या खुर्चीकडे बघून मराठीत म्हणाले, "बाबा, मी यायला हवं होतं."

मिसेस हॅडलींचं पेन थांबलं. "हे कसं नोंदवू?"

"एका खुर्चीची दिलगिरी आली, असं लिहा," मी म्हणाले. "उरलेल्या तेवीस खुर्च्यांकडून अजून आलेली नाही."