विजयसिंहाची कायदेशीर आई

गणपतरावांच्या तेराव्याची पंगत उठायच्या आत थोरल्या विजयसिंहानं बायपासला लागून असलेल्या बापाच्या रानात हिस्सा मागितला, आणि महिन्याभरात दावाही ठोकला. धाकटी बहीण वर्षाराणी भांडली नाही. तिच्या वकिलानं कोर्टापुढं एक जुना निकाल ठेवला, विजयसिंहानंच मोठ्या हौसेनं जिंकलेला.

त्याचं असं झालं होतं. चुलता बाळासो बिनपोराचा वारला, तेव्हा त्याचं नदीकाठचं उसाचं रान याच्या डोळ्यांत भरलं. "चुलत्यानं मला दत्तक घेतलाय," असा दावा यानं केला. पुरावा काय, तर जोतिबावरचा जावळाचा फोटो! पोर चुलत्याच्या मांडीवर आणि सगळे गुलालात माखलेले. तोच यानं दत्तकविधान म्हणून खपवला. चुलती धोंडुबाई ऊर बडवून सांगत होती, "आवं सायेब, जावळापुरता मांडीवर बसला हुता ह्यो!" पण याच्या हट्टापायी सख्ख्या आईनं, चिमणाबाईनं, शपथेवर सांगितलं की पोरगा मीच दिला. निम्मं रान मिळालं, पेढे वाटले.

"अपील होईल, आता चारचौघांत आईला आई म्हणू नका," वकिलानं बजावलं. पठ्ठ्या त्या दिवसापासून तिला काकी म्हणू लागला. अपिलाची मुदत संपली तरी काकी काही सुटली नाही. बाप अंथरुणाला खिळला, तेव्हा "कायद्यानं ते माझे चुलते" म्हणून हा दवाखान्याकडं फिरकलासुद्धा नाही. अशा माणसाला काय म्हणावं!

न्यायाधीश म्हणाले, "दत्तक गेलेल्याला जन्मदात्या बापाचा वारस म्हणून हिस्सा मिळत नाही."

"सायेब, ते दत्तक खोटं हुतं की!"

"म्हणजे तेव्हा कोर्टाला फसवलंत?"

वकिलानं त्याला सदरा धरून खाली बसवलं. एकदा निकाल लागलेली गोष्ट पुन्हा उकरता येत नाही, हे त्याला बाहेर आल्यावर समजावून सांगितलं. पण बायपासचं रान सोडवेना. नदीकाठच्या रानातला ऊस तर दर पुरात कुजत होता. तो तडक आईच्या दारात गेला.

"आई!"

तांदूळ निवडणाऱ्या चिमणाबाईनं मागं वळून पाहिलं. "कुणाला हाक मारतायसा?"

"तुलाच की! कोर्टात सांग, तवा मी खोटं बोलले म्हणून."

"आज आई आठवली व्हय रं? शेवटापातुर त्यांचं डोळं दाराकडं लागलं हुतं. तवा मी तुझी काकी हुते." तिनं पदरानं डोळे पुसले. "आई पायजे न्हवं? हाय की. जाऊबाई, या भाईर!"

आतून धोंडुबाई काठी टेकत आली. मागून वर्षाराणीनं तिची पत्र्याची ट्रंक आणून उंबऱ्यावर ठेवली.

"ही तुझी आई," चिमणाबाई म्हणाली. "तुझ्यापायी निम्मं रान गेलं, उरलेल्यावर पोट भरंना, तवापास्नं माझ्याकडं ऱ्हातीया. आता तू सांभाळ. न्हायतर पोटगीचा दावा लावतोय आमी."

"मी न्हाय नेणार!" विजयसिंह ओरडला. "ही माझी कोण न्हाय!"

"मी बी हेच सांगत हुते, बाळा," धोंडुबाई म्हणाली. "कोर्टानं ऐकलं न्हाय."

आणि तिनं ट्रंक काठीनं त्याच्याकडं सरकवली.