फांग बुआबानला राजभाषा येत नाही

सुरिन प्रांतातल्या एका तालुका कार्यालयाच्या असं लक्षात आलं, की आपल्या तालुक्यातल्या हत्तींना राजभाषा येत नाही.

ही गोष्ट गावोगावी सगळ्यांना आधीपासून ठाऊक होती. पण कार्यालयाच्या लक्षात आली नव्हती, त्यामुळे ती अधिकृतपणे खरी नव्हती. झालं असं, की मागच्या हत्ती-महोत्सवात बँकॉकहून आलेल्या पाहुण्यांनी हौसेनं एका हत्तिणीला शुद्ध थाईत ‘बस’ म्हटलं. हत्तीण उभीच. पाहुण्यांनी पुन्हा म्हटलं. हत्तिणीनं शेपटी उचलली आणि व्यासपीठासमोर जे करायचं ते मनसोक्त केलं. हा अपमान पाहुण्यांचा नसून भाषेचा आहे, असा निष्कर्ष काढायला कार्यालयाच्या समितीला वर्ष लागलं. मग फर्मान सुटलं: यापुढे महोत्सवात हत्तींना फक्त शुद्ध आणि सभ्य थाईत आज्ञा दिल्या जातील. ज्यांना त्या कळणार नाहीत, त्यांची रवानगी शेजारच्या प्रांतातल्या हत्ती-भाषासुधार केंद्रात होईल. सोबत माहूत नेता येणार नाही, कारण भाषा बिघडवणारे तेच.

ती हत्तीण म्हणजे फांग बुआबान (तिकडं हत्तिणीच्या नावाआधी ‘फांग’ लावतात), आणि तिचा माहूत थोंगयू.

थोंगयू जातीचा कुय. त्याच्या लोकांच्या पिढ्या हत्ती पाळण्यात गेल्या, आणि हत्तींशी ते कुय भाषेतच बोलत आले. बाकी थोंगयूला काही कमी पडत नव्हतं. बाजारात तो ख्मेर बोले, कचेरीत थाई, आणि बायको सोमजित लाओ बोलणाऱ्या गावची असल्यामुळे भांडायला लाओ. बुआबानला मात्र कुयवाचून दुसरं काही येत नव्हतं, आणि त्यावाचून तिचं कधी अडलंही नव्हतं. थोंगयूच्या वडिलांच्या हाताखाली ती आणि तो बरोबरच वाढले होते. ती जाणार हे थोंगयूला संध्याकाळी कळलं. दुसऱ्या दिवशी सकाळीच तो कचेरीत गेला.

तिथले नायबसाहेब प्राचुआप हे शेजारच्या गल्लीतले. थायलंडात प्रत्येकाला कागदावरचं एक नाव असतं आणि हाक मारायचं दुसरं. नायबसाहेबांचं दुसरं नाव बेडक्या. लहानपणी खिशात उसाची कांडकी भरून हा बेडक्या बुआबानच्या पाठीवर दिवसभर पडलेला असे.

“आरं बेडक्या,” थोंगयू कुयमध्ये म्हणाला, “माझ्या हत्तिणीला कुठं धाडताय रं?”

नायबसाहेबांनी आधी दाराकडे पाहिलं, मग छताकडे. “राजभाषेत बोला,” ते थाईत म्हणाले. “मला ही बोली समजत नाही.”

“समजत न्हाई? आरं, बँकॉकला जाऊन मायची भाषा इसरलास?”

“पहिल्याच आठवड्यात,” नायबसाहेब अभिमानानं म्हणाले.

न समजलेल्या प्रश्नाला चोख उत्तर दिल्यावर त्यांनी थोंगयूला दिलासा दिला. हत्तिणीवर अन्याय होणार नव्हता. तिला शिकवायला खास बँकॉकहून शिक्षिका मागवली होती.

शिक्षिका वारापोर्नबाई उत्साही होत्या. त्यांनी थोंगयूच्या अंगणातल्या चिंचेखाली फळा टांगला. सकाळी राष्ट्रगीताला हत्तिणीला ताठ उभं केलं. ती तशीही उभीच असते, पण बाईंनी ती प्रगती म्हणून कळवली. सभ्य भाषेचं शिक्षण असल्यामुळे ‘पाय उचल’ असं म्हणायची सोय नव्हती. “आपण आपला उजवा पुढचा पाय उचलण्याची कृपा कराल का?” असं बाई हात जोडून म्हणत. थोंगयूची नात क्रीम हे वाक्य बाईंच्या आधी घडाघडा म्हणून दाखवी. बाई तिचं फार कौतुक करत आणि थोंगयूची छाती फुगे. बुआबान कान हलवत ऐकून घेई. सगळ्या राजभाषेतून तिनं एकच गोष्ट उचलली: जेवणाची सुट्टी. बाईंनी तेवढं म्हटलं की ती तडक केळीच्या बागेकडे चालू लागे. काही दिवसांनी ती सुट्टी स्वतःच जाहीर करायला लागली.

“कचेरीत लागंल ही,” सोमजित पपई किसता किसता म्हणाली. “काम यायची काय गरज? सुट्टी कळली की झालं.”

महोत्सव तोंडावर आला तशी नायबसाहेबांनी पर्यायी व्यवस्था केली. हत्तिणीला थाई येत नसेल, तर दुभाषा द्यावा. थोंगयू म्हणाला, मी सांगतो की तिला. पण माहुतानं स्वतःच्याच हत्तीसाठी दुभाष्याचं काम करणं हे हितसंबंधांच्या नियमात बसत नव्हतं, आणि कार्यालयात तर कुय येणारा एकही माणूस निघाला नाही. हजेरीवरचे निम्मे लोक कुय आयांच्या पोटचे होते, ही गोष्ट वेगळी. म्हणून साखळी ठरली. नायबसाहेब थाईत आज्ञा देणार. शिपाई ती लाओमध्ये सोमजितला सांगणार, सोमजित ख्मेरमध्ये शेवयांच्या गाडीवाल्या मावशीला, आणि मावशी मोडक्यातोडक्या कुयमध्ये हत्तिणीला.

रंगीत तालीम झाली. “कृपया नमस्कार करावा,” नायबसाहेब म्हणाले. हे साखळीतल्या तिघांनाही पहिल्याच झटक्यात कळलं होतं, पण शिस्त म्हणून सगळे आपल्या पाळीची वाट पाहत राहिले.

“साहेब म्हणत्यात, नमस्कार करा,” शिपाई लाओमध्ये म्हणाला.

“कुणी? मी?” सोमजित म्हणाली. “मी का करू? त्याच्या आईला पपई उधार देते मी!”

“तुम्ही न्हाई वयनी, हत्तिणीनं!”

हे सगळं ख्मेरमध्ये मावशीपर्यंत पोचेस्तोवर बुआबाननं व्यासपीठाची फुलांची कमान खाऊन टाकली होती. तालीम समाधानकारक झाल्याचं वर कळवण्यात आलं.

महोत्सवाच्या दिवशी बँकॉकहून उपसचिवबाई आल्या. मैदान माणसांनी भरून गेलं. थोंगयूला बुआबानच्या मानेवर बसायची परवानगी होती, तोंड उघडायची नव्हती. त्यानं तिच्या कानामागं हात ठेवला. हा हात उद्या इथं नसणार, एवढंच त्याच्या डोक्यात होतं. समोर व्यासपीठावर ध्वनिक्षेपक होता आणि त्यापाशी पांढऱ्या गणवेशात नायबसाहेब उभे होते. उपसचिवबाईंसमोर दुभाषे बरे दिसणार नाहीत म्हणून ऐन वेळी साखळी रद्द झाली होती.

“माननीय फांग बुआबान,” नायबसाहेबांचा आवाज मैदानभर घुमला, “आपण व्यासपीठाला वंदन करण्याची कृपा करावी.”

बुआबाननं मान वर केली. शब्द तिला कळले नाहीत, पण आवाज कळला. इतक्या वर्षांनी बेडक्या परत आला होता. ती आनंदानं चीत्कारली आणि निघाली ती थेट व्यासपीठाकडे. तिनं सोंड नायबसाहेबांच्या डाव्या खिशात घातली. तिथं पदकं होती, ऊस नव्हता. मग उजव्या खिशात घातली. मग ऊस पाठीमागं लपवला असेल असं वाटून तिनं पुढचा पाय व्यासपीठावर ठेवला. फळ्या कडकडल्या. उपसचिवबाई खुर्चीसकट मागं सरकल्या.

“आपण थांबण्याची कृपा... मेहेरबानी करून... विनंती आहे...” नायबसाहेब म्हणत होते. दुसरा पाय वर आला. थोंगयूनं दोन्ही हातांनी तोंड दाबून धरलं होतं, कारण तशी आज्ञा होती.

तेव्हा ध्वनिक्षेपकातून संपूर्ण तालुक्याला ऐकू गेलं: “थांब गं माझे बाय! माग हो, माग! खाली बस, न्हाईतर पाठीत धपाटा घालीन भवाने!”

एवढी अस्सल कुय गावात कित्येक वर्षांत कुणी ऐकली नव्हती. बुआबान थांबली, मागं सरली आणि शहाण्यासारखी खाली बसली.

“ही कोणती भाषा?” उपसचिवबाईंनी विचारलं.

नायबसाहेबांनी घाम पुसला. “ही शुद्ध राजभाषाच, बाईसाहेब. हत्तींसाठीची खास पातळी.”

बाईसाहेब प्रसन्न झाल्या. टाळ्यांचा कडकडाट झाला. सगळ्यात मोठ्यानं टाळ्या कार्यालयातल्या ज्यांना कुय येत नाही त्यांनी वाजवल्या, आणि गालातल्या गालात हसलेही तेच.

पण बाईसाहेबांची पसंती म्हणजे धोरण. नवं फर्मान आलं: हत्तींना आता फक्त ‘गजराजभाषा’ वापरावी. हत्ती सगळे पास झाले. माहुतांची मात्र परीक्षा घ्यायची ठरली. परीक्षक वारापोर्नबाई. त्यांनी ती भाषा नायबसाहेबांच्या त्या आरोळीवरून आत्मसात केली होती. थोंगयूचे गुण उच्चारात गेले. “तुमचं बोलणं फार गावठी आहे हो, काका,” बाई हळहळल्या. “मूळ भाषेचा गोडवा नाही त्यात.” धपाटा आणि भवाने हे शब्द त्यानं अचूक म्हटल्यामुळे तो कसाबसा काठावर पास झाला. बुआबान घरी राहिली. त्या संध्याकाळी तळ्यावर तिला घासताना थोंगयू तिच्या सोंडेला बिलगून ढसाढसा रडला.

पलीकडून पँट गुडघ्यापर्यंत दुमडून, हातात उसाची मोळी घेऊन नायबसाहेब आले. आजूबाजूला कुणी नाही असं पाहून त्यांनी कुयमध्ये विचारलं, “घासू लागू का रं?”

“लाग की. पर काय रं बेडक्या, लाज वाटली का न्हाई? आपली भाषा आन् तू ती लपवतोस?”

“चुकलं, दादा.”

“मायची भाषा हाय ती. जपाया पायजे.”

तेवढ्यात क्रीम काठावरून पळत आली. थोंगयूचा आवाज मऊ झाला आणि तो झटक्यात थाईत शिरला: “बाळ, पाण्यात येऊ नकोस हं. गृहपाठ झाला का?”

नायबसाहेबांनी त्याच्याकडे पाहिलं. “दादा, पोरीला कुय?”

“तिला कशाला?” थोंगयू दचकून म्हणाला. “शिकून मोठी व्हायचीय तिला. घरात आम्ही थाईच बोलतो तिच्याशी, पुढं अडायला नको.” आणि बुआबानच्या पाठीवर थाप मारून तो म्हणाला, “भाषा काय, ही सांभाळतीय की. हिला कुठं नोकरी करायचीय?”

हसलात ना थोंगयूला? हसा. त्याच्याकडं निदान हत्तीण तरी आहे. तुमच्या घरात कोण आहे?