अंशतः ढगाळ सानपाडा

आकाशाचे आठ समान भाग कल्पून त्यांपैकी किती ढगांनी व्यापले आहेत, हे नुसत्या डोळ्यांनी ठरवणे ही सानपाडा हवामान केंद्राचे निरीक्षक मधुकर पेडणेकर यांची शासकीय जबाबदारी होती. मान वर करायची, अंदाज बांधायचा, आकडा कळवायचा. या कामाला पगार मिळतो, यावर त्यांच्या सासऱ्यांचा शेवटपर्यंत विश्वास बसला नाही.

पुढे केंद्राभोवती टॉवर उठले. सगळ्यात उंच टॉवरमध्ये ‘अथांग आकाशदर्शन’ ही जाहिरात वाचून मधुकररावांनीच फ्लॅट घेतला होता. त्यामुळे तक्रार करायला तोंड नव्हतं. केंद्राच्या गच्चीवरून आता आभाळाची चिंधी तेवढी दिसे, आणि दिसेल त्यावरून अंदाज बांधावा असा नियम होता. चिंधीत ढग आला की आठ, सरकला की शून्य.

वरिष्ठ कुलदीप साहेबांचा फोन आला. “पेडणेकर, काय चाललंय? फुल ढगाळ म्हणता, चहा संपेपर्यंत निरभ्र?”

“सर, दिसतं तेवढं कळवतो.”

“दिसत नसेल तर लेखी द्या. केंद्र हलवू, तुम्हालापण. विदर्भात आभाळ भरपूर आहे.”

मधुकररावांनी लेखी काही दिलं नाही. नव्या घराला अजून पडदेही लागले नव्हते.

“एवढं काय टेन्शन घेता? मोबाइलवर येतं की सगळं,” पत्नी स्मिता म्हणाली. तिने ॲप उघडलं. सानपाडा, अंशतः ढगाळ. म्हणजे साधारण तीन. मधुकररावांनी तीन कळवलं. दुसऱ्या दिवशीही तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. साहेब खूश झाले. म्हणाले, सानपाड्याच्या आभाळाला शिस्त आली.

महिन्याभराने मधुकररावांनी ॲपच्या तळाशी बारीक अक्षरं वाचली. ‘माहितीचा स्रोत : सानपाडा केंद्र (सरासरी).’ आपण ज्या तज्ज्ञाची नक्कल करतोय तो तज्ज्ञ आपणच, हे कळल्यावर त्यांना स्वतःची भयंकर लाज वाटली. त्यांनी ठरवलं, एक जरी तक्रार आली तरी सगळं कबूल करायचं आणि बॅग भरायची.

त्याच दुपारी आभाळ फाटल्यासारखं कोसळलं. ॲपवर अंशतः ढगाळच होतं. मधुकरराव फोनशेजारी बसून राहिले. खाली सिग्नलला एका गृहस्थाने भिजलेला मोबाइल शर्टाला पुसला, स्क्रीन नीट वाचली, आणि समाधानाने छत्री मिटून बॅगेत ठेवली.

संध्याकाळपर्यंत एकही फोन आला नाही. तुमचासुद्धा.